देवाच्या दरबारातला फिर्यादी

बायबलमधले ईयोबाचे पुस्तक मी पहिल्यांदा मराठीत वाचले, तेव्हा त्यातला सैतान मला ओळखीचाच वाटला होता. देवाचा शत्रू, माणसाचा वैरी, पाताळातून वर आलेला. बऱ्याच वर्षांनी हिब्रू अक्षरे शिकलो आणि त्याच पुस्तकाचे पहिले दोन अध्याय मूळ मजकुराशी ताडून पाहताना एका अक्षरापाशी अडलो. मराठीत जिथे नुसते ‘सैतान’ आहे, तिथे हिब्रूत ‘हा-सातान’ आहे. यातला ‘हा’ हे हिब्रूचे निश्चयदर्शक उपपद आहे आणि ते माणसांच्या नावांना लागत नाही. दावीदाला कोणी ‘हा-दावीद’ म्हणत नाही. म्हणजे ईयोबाच्या गोष्टीत देवासमोर जो उभा आहे, त्याचे नाव आपल्याला सांगितलेलेच नाही. सांगितला आहे तो त्याचा हुद्दा. त्या एका अक्षराने माझे आधीचे सगळे वाचन हलले आणि या हुद्द्याचे पुढे नाव कसे झाले, त्या नावाला शिंगे आणि साम्राज्य कसे मिळाले, याचा शोध मी तेव्हापासून घेत आलो आहे.

‘सातान’ या शब्दाचा अर्थ आडवा येणारा, विरोध करणारा, न्यायसभेत विरुद्ध बाजूने उभा राहणारा. जुन्या ग्रंथांत हा शब्द साध्या माणसांनाही लावला आहे. दावीद आपल्या बाजूने लढायला आला, तर ऐन युद्धात उलटून तो आपला ‘सातान’ होईल, अशी भीती पलिष्टी सरदार व्यक्त करतात. शलमोन राजाच्या उतारवयात देव त्याच्याविरुद्ध अदोमी हदादाला ‘सातान’ म्हणून उभा करतो. सर्वांत बोलका प्रसंग गणनाच्या पुस्तकात आहे. बलाम गाढवीवर बसून निघाला असता त्याच्या वाटेत परमेश्वराचा दूत ‘सातान’ होऊन उभा राहतो. इथे आडवा येणारा देवाचा स्वतःचा दूत आहे आणि त्याचे आडवे येणे हे देवाचेच काम आहे. भाषांतरात या जागी ‘अडवायला’ किंवा ‘विरोध करायला’ असा अर्थ येतो आणि तो बरोबरही आहे; पण त्यामुळे मूळ शब्द एकच आहे हे वाचकाच्या नजरेतून निसटते.

सुखी आणि देवभक्त ईयोबाच्या गोष्टीतला हा-सातान याच कुळातला आहे. देवाचे पुत्र, म्हणजे स्वर्गीय सभेतले दूत, हजेरीला येतात आणि त्यांच्यात तोही येतो. ‘कोठून आलास?’ असे विचारल्यावर तो पृथ्वीवर इकडेतिकडे फिरून आल्याचे सांगतो. राज्यात गस्त घालून राजापुढे वर्दी देणाऱ्या अधिकाऱ्याचे हे उत्तर आहे. मग तो एक प्रश्न विचारतो आणि माझ्या मते साऱ्या बायबलमधल्या सर्वांत कठीण प्रश्नांपैकी तो एक आहे: ईयोब देवाची भक्ती काय फुकट करतो? सुखाच्या मोबदल्यात केलेली भक्ती खरी की खोटी, हे ईयोबाचे सुख काढून घेऊन तपासण्याचा प्रस्ताव तो मांडतो. देव संमती देतो, मर्यादाही घालून देतो आणि हा-सातान ती मर्यादा एकदाही ओलांडत नाही. दुसऱ्या अध्यायानंतर तो पुस्तकातून नाहीसा होतो. शेवटच्या अध्यायात ईयोबाचे भाऊबंद सांत्वनाला येतात, ते देवाने त्याच्यावर आणलेल्या अरिष्टाबद्दल. सगळा दोष सातानावर टाकायची सोय असूनही लेखकाने ती घेतलेली नाही.

जखऱ्या या संदेष्ट्याच्या दृष्टांतातही, इ.स.पू. ५२० च्या सुमारास, हा-सातान मुख्य याजक यहोशवाच्या उजव्या हाताला आरोप ठेवायला उभा आहे आणि तिथे देव त्याला दटावतो. काम मात्र तेच, फिर्यादीचे.

बदल कुठे झाला हे दाखवणारी एक जागा मला या साऱ्या इतिहासातली सर्वांत महत्त्वाची वाटते. दावीदाने केलेल्या शिरगणतीची गोष्ट बायबलमध्ये दोनदा आली आहे. शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकात परमेश्वराचा कोप इस्राएलावर भडकतो आणि तोच दावीदाला शिरगणती करण्यास चिथावतो. मग त्याच शिरगणतीची शिक्षा म्हणून मरी येते आणि ७०,००० माणसे मरतात. पुढे इतिहासाच्या पहिल्या पुस्तकात तीच गोष्ट पुन्हा लिहिणाऱ्या लेखकाने सुरुवातीचे वाक्य बदलले: सातान इस्राएलावर उठला आणि त्याने दावीदाला चिथावले. हिब्रू क्रियापद तेच राहिले, कर्ता बदलला. शिवाय इथे ‘सातान’ला उपपदही नाही. काही अभ्यासक इथे ‘एक विरोधक’ एवढाच अर्थ घेतात, तर काहींना हा शब्द विशेषनाम म्हणून आल्याचा हा पहिलाच दाखला वाटतो. वाचन कोणतेही घेतले तरी लेखकाची अडचण लपत नाही. पाप करायला लावणारा आणि त्याच पापाची शिक्षा देणारा देव एकच आहे, हे त्याला सोसवत नव्हते. सैतानाचा जन्म माझ्या समजुतीप्रमाणे या न सोसण्यातून झाला. देवाला निर्दोष ठेवण्याची धडपड त्याच्या मुळाशी आहे.

या दोन ग्रंथांच्या मधल्या काळात इ.स.पू. ५८६ मध्ये यरुशलेम पडले, मंदिर जळाले, लोक बाबेलला नेले गेले आणि इ.स.पू. ५३९ मध्ये पारसिक राजा कोरेशाने बाबेल जिंकल्यावर यहुदी पारसिक साम्राज्याचे प्रजाजन झाले. आपल्याकडे पारशी समाजामुळे भल्याचा देव अहुरमज्द आणि त्याची विरोधी दुष्ट शक्ती अंग्रमैन्यू ही नावे परकी नाहीत. तोबीत या प्राचीन यहुदी ग्रंथातला अस्मोदेउस हा दुष्ट आत्मा ‘ऐश्म’ या इराणी दुष्ट शक्तीच्या नावावरून आला, असे बहुतेक अभ्यासक मानतात. तरीही सगळा सैतान इराणातून उसना आला हे सोपे उत्तर मला पटत नाही. बंदिवासाच्या अखेरीस रचलेल्या यशयाच्या ४५ व्या अध्यायात देव कोरेशालाच उद्देशून म्हणतो की प्रकाश घडवणारा मी आणि अंधार निर्माण करणाराही मीच. दोन शक्तींचा विचार कानावर आला असेलच, तर पहिले उत्तर ठाम नकाराचे होते. प्रश्न घरातलाच होता. शेजारच्या परंपरेने फार तर त्याला शब्द आणि चित्रे पुरवली.

पुढच्या शतकांत उत्तरे अनेक निघाली आणि ती एकमेकांशी जुळणारी नाहीत. हनोखाचे पुस्तक या प्राचीन यहुदी ग्रंथाचा सर्वांत जुना भाग साधारण इ.स.पू. तिसऱ्या शतकातला. त्यात २०० देवदूत हर्मोन पर्वतावर उतरतात, मानवी स्त्रियांशी संग करतात आणि माणसांना निषिद्ध विद्या शिकवतात. त्यांच्यातला अजाजेल तलवारी व ढाली घडवायला शिकवतो, दागिने आणि डोळ्यांचे काजळही शिकवतो. त्या संगातून जन्मलेले राक्षसकाय पुत्र मेल्यावर त्यांचे आत्मे पृथ्वीवर दुष्ट आत्मे बनून भटकतात. या कथेत आदामाच्या फळापेक्षा दूतांच्या अधःपतनाला जास्त वजन आहे. हे पुस्तक संपूर्ण स्वरूपात जपले ते इथिओपियाच्या चर्चने, गेएझ भाषेत. त्याचे अरामी तुकडे विसाव्या शतकात मृत समुद्राकाठी कुमरान येथील गुहांत मिळाले.

इ.स.पू. दुसऱ्या शतकातल्या योबेलांच्या ग्रंथाने आणखी एक पात्र आणले, मस्तेमा. नोहाच्या प्रार्थनेवरून देव दुष्ट आत्म्यांना बांधून टाकायला निघतो, तेव्हा मस्तेमा विनंती करतो की निदान काही आत्मे माझ्या हाताखाली राहू द्यावेत. त्याला दहावा हिस्सा मिळतो. अब्राहामाने इसहाकाचा बळी द्यावा ही परीक्षा घेण्याची सूचना इथे मस्तेमाची आहे. मोशेला वाटेत मारायला धावणारा निर्गमाच्या पुस्तकात खुद्द परमेश्वर आहे, तोही या ग्रंथात मस्तेमा होतो. शिरगणतीच्या गोष्टीत एकदा झालेली दुरुस्ती इथे पद्धतशीरपणे केलेली दिसते. कुमरानच्या यहुदी पंथाने तर जगाची दोन छावण्यांत वाटणी केली, प्रकाशाच्या पुत्रांची आणि बेलियालाच्या, म्हणजे दुष्टांच्या म्होरक्याच्या, वाट्याला गेलेल्यांची. मात्र दोन्ही आत्मे देवानेच निर्माण केले, हे सांगायला ते लोकही विसरले नाहीत.

दरम्यान अलेक्झांड्रियाच्या यहुद्यांनी आपले ग्रंथ ग्रीकमध्ये आणले आणि हा-सातानसाठी ‘दियाबोलोस’, म्हणजे चहाडखोर, खोटे आळ घेणारा, हा शब्द वापरला. युरोपीय भाषांतले सैतानाचे बहुतेक शब्द यातूनच निघाले. एदेनातला सापही आतापर्यंत सापच होता. उत्पत्तीचे पुस्तक त्याला सर्व प्राण्यांत धूर्त म्हणते, याहून अधिक काही म्हणत नाही. शलमोनाच्या नावावर असलेल्या ग्रीक ज्ञानग्रंथात मात्र दियाबोलोसच्या मत्सरामुळे मृत्यू जगात आला असे वाक्य येते, आणि नव्या कराराच्या शेवटी, प्रकटीकरणाच्या १२ व्या अध्यायात, अजगर, पुरातन साप, दियाबल आणि सैतान ही सारी एकाच्याच अंगावरची नावे होतात.

येशूच्या काळचे यहुदी वातावरण या विविध कल्पनांनी भरलेले होते आणि शुभवर्तमानांत त्या सगळ्यांचे पडसाद आहेत. ४० दिवसांच्या उपासानंतर अरण्यात येशूची परीक्षा घेणारा सैतान अजून ईयोबाच्या परीक्षकाची आठवण करून देतो. लूकच्या शुभवर्तमानात सैतानाने शिष्यांना गव्हासारखे चाळण्यासाठी ‘मागून घेतले’ आहे. परवानगी मागण्याची जुनी रीत इथेही दिसते. येशू पेत्राला ‘सैताना, माझ्यामागे हो’ म्हणतो, तेव्हा तर बलामाच्या वाटेत उभा असलेला आडवा येणारा मला स्पष्ट दिसतो, कारण पेत्र प्रेमापोटीच त्याला मरणाच्या वाटेवरून अडवत होता. पण त्याच नव्या करारात योहानासाठी तो ‘या जगाचा अधिपती’ आहे आणि पौलासाठी ‘या युगाचा देव’. फिर्यादी आता विरोधी राज्याचा राजा झाला होता.

यानंतर जे घडले ते मला लिहिताना जड जाते. योहानाच्या ८ व्या अध्यायात येशू आपल्याशी वाद घालणाऱ्या यहुद्यांना ‘तुमचा बाप सैतान’ असे म्हणतो. मुळात तो यहुदी समाजाच्या आतला कडवट झगडा होता. सत्ता ख्रिस्ती राजांच्या हाती गेल्यावर तेच वाक्य एका अल्पसंख्य समाजाविरुद्ध शतकानुशतके वापरले गेले. रोममध्ये १२१५ साली भरलेल्या चौथ्या लाटेरान परिषदेचा पहिला ठराव सांगतो की सैतान आणि इतर दुष्टात्मे देवाने स्वभावतः चांगले निर्माण केले होते, ते स्वतःच्या कृतीने दुष्ट झाले. जगाला दोन निर्माते मानणाऱ्या कॅथर पंथाला दिलेले हे उत्तर होते आणि विचार म्हणून ते मला फार संयमी व उदार वाटते. त्याच परिषदेच्या ६८ व्या ठरावाने यहुदी आणि मुसलमान यांनी ओळखू येईल असा वेगळा पोशाख करावा असे फर्मावले. सैतानालाही जन्मतः चांगले म्हणणाऱ्या सभेला शेजाऱ्याला मात्र खूण केल्याशिवाय राहवले नाही.

‘ल्युसिफर’ या नावाचा प्रवास वेगळाच आहे. यशयाच्या १४ व्या अध्यायात बाबेलच्या गर्विष्ठ राजाच्या पतनावर एक उपहासगीत आहे. त्यात त्याला आकाशातून पडलेला ‘हेलेल, पहाटेचा पुत्र’ म्हटले आहे. तिसऱ्या शतकात ख्रिस्ती धर्मपंडित ओरिगेनने त्या पडणाऱ्या ताऱ्यात सैतान पाहिला, आणि जेरोमच्या लॅटिन बायबलमध्ये ‘हेलेल’च्या जागी ‘ल्युसिफर’, म्हणजे प्रकाश आणणारा शुक्रतारा, आला. हा शब्द तेव्हा इतका निष्कलंक होता की चौथ्या शतकात सार्डिनियातील काल्यारीच्या एका बिशपचे नाव ल्युसिफर होते. ईस्टरच्या आदल्या रात्रीच्या लॅटिन स्तोत्रात ख्रिस्तालाच ‘न मावळणारा ल्युसिफर’ म्हटले आहे.

ज्या समाजात हा शब्द जन्मला, त्या समाजाच्या धर्मगुरूंनी मात्र वेगळी वाट धरली. कथांमधून समाएल नावाचा दुष्ट दूत त्यांच्याकडेही वावरतो; पण बाबेली तालमुद या त्यांच्या धर्मचर्चांच्या संग्रहात रेश लाकिश या धर्मगुरूंचे एक छोटे वचन आहे की सातान, माणसातली दुष्ट प्रवृत्ती आणि मृत्यूचा दूत हे एकच आहेत. पुढे बाराव्या शतकात यहुदी तत्त्वज्ञ मायमोनिदीसने याच वचनाचा आधार घेतला. त्या दुष्ट प्रवृत्तीबद्दलही एक मिद्राश, म्हणजे शास्त्रवचनावरचे जुने विवेचन, म्हणतो की ती नसती तर माणसाने घर बांधले नसते, लग्न केले नसते, मुले जन्माला घातली नसती, व्यापार केला नसता. तालमुदात त्याच पानावर रब्बी लेवी सांगतात की सातानाने ईयोबाची परीक्षा मागितली ती चांगल्या हेतूने. ईयोबाच्या कौतुकात देव अब्राहामाची प्रीती विसरेल, अशी त्याला काळजी वाटली. रब्बी आहा बार याकोव्ह यांनी हे पापुनिया गावात शिकवले, तेव्हा सातान स्वतः आला आणि त्याने त्यांच्या पायांचे चुंबन घेतले. कोणीतरी आपले काम समजून घेतले, याचा तो आनंद होता. ही चार ओळींची कथा मला किती वेळा वाचावीशी वाटली याची मोजदाद नाही.

‘सैतान’ हा आपला शब्द अरबी ‘शैतान’वरून आला, हिब्रू शब्दाचाच तो भाऊबंद. पण गोव्यात १६१६ साली राचोलला छापलेल्या आपल्या मराठी ख्रिस्तपुराणात फादर थॉमस स्टीफन्स यांनी ‘देवचार’ हा तिथल्या मातीतला शब्द घेतला. गोव्यातल्या आणि दक्षिण कोकणातल्या हिंदू गावांत देवचार हा सीमेचा राखणदार आहे, रात्री गावाची राखण करत फिरणारा. ख्रिस्ती कोकणीत त्याच शब्दाचा अर्थ सैतान झाला. फिरून पाहणी करणारा सेवक शत्रू होतो, हे हिब्रूत घडायला काही शतके लागली होती; इथे ते भाषांतरात घडले.

तालमुदात आणखी एक हिशोब आहे. हिब्रू अक्षरांना संख्यामूल्य असते आणि ‘हा-सातान’ या अक्षरांची बेरीज ३६४ होते. वर्षाचे दिवस ३६५. म्हणजे एक दिवस आरोप ठेवायला त्याला मुभा नाही आणि तो दिवस योम किप्पुरचा, प्रायश्चित्ताचा. मला अडवणारे ते उपपदाचे अक्षर या बेरजेत धरले आहे. त्याचे मूल्य ५ आहे आणि ते काढले तर हिशोब जमत नाही. कोकणातले मराठी बोलणारे बेने इस्राएल यहुदी या दिवसाला ‘दारफाळणीचा सण’ म्हणत. त्या दिवशी ते पांढरे कपडे घालून, उपास धरून, घराची दारे लावून आत बसत आणि संध्याकाळ होईपर्यंत बाहेरच्या कोणाशी बोलत नसत.