तालमीच्या जागेचा भाडेपट्टा आणि आमची रिट

नाशिकच्या पंचवटीतल्या आमच्या तालमीची जागा सरकारी आहे. ३० वर्षांचा भाडेपट्टा होता. मुदत संपायच्या आधीच नूतनीकरणाचा अर्ज दिला, पोच घेतली. पुढची दोन वर्षं ना होकार आला, ना नकार. पट्टा नाही म्हणून छत बदलायला परवानगी मिळेना. देणगीदार म्हणायचे, ‘आधी जागेचा कागद दाखवा.’ दुसऱ्या पावसाळ्यात छत इतकं गळलं की आखाड्याच्या लाल मातीचा चिखल झाला. नाना आमचे वस्ताद, वय ७२. पहाटे पाचला ते खोरं घेऊन एकटेच तो चिखल उपसत होते. त्या दिवशी मी घरी जाऊन सगळे कागद काढले.

मी संस्थेचा चिटणीस, त्यामुळे चकरा माझ्याच. ‘फाइल वर गेलीय’, ‘नवीन साहेब आलेत, त्यांना परत दाखवावी लागेल’ हे ऐकून ऐकून पाठ झालं होतं. शेवटी वकीलसाहेबांना विचारलं, अपील करू का? ते म्हणाले, ‘अपील आदेशावर होतं. तुमच्या हातात आदेश कुठाय?’ हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. अर्ज फेटाळला असता तर निदान महसूल संहितेच्या कलम २४७ खाली वर दाद मागता आली असती. नुसतं पडून राहिलेल्या अर्जाला ते दारही बंद.

त्यांनी आधी माहिती अधिकाराचा अर्ज करायला लावला: टिप्पणीसह, म्हणजे फाइलवरच्या कार्यालयीन शेऱ्यांसह, संपूर्ण फाइलच्या नकला. ३० दिवसांच्या मुदतीत मिळाल्या. टिप्पणीत एके ठिकाणी लिहिलं होतं, ‘मोजणीची क प्रत मागवावी.’ क प्रत म्हणजे जागेच्या सरकारी मोजणीचा नकाशा. खाली सही, तारीख. त्यानंतर १४ महिने त्या पानावर एक अक्षर नाही. आम्हाला पत्र नाही, जावक क्रमांक नाही. आणि ती क प्रत आमच्या मूळ अर्जालाच जोडलेली होती, त्याच नकलांमध्ये परत माझ्या हातात आली. मला रडू फुटायचं बाकी होतं.

लगेच कोर्टात गेलो नाही. परमादेश, म्हणजे खात्याने आपलं काम करावं असा कोर्टाचा हुकूम, मागायचा तर आधी खात्याकडे मागणी केल्याचा पुरावा लागतो. म्हणून दोन स्मरणपत्रं दिली, दोन्हींवर आवक शिक्का घेतला. त्यात २००५ च्या दफ्तर दिरंगाई कायद्याचं कलम १० लिहिलं: साधी फाइल एका कर्मचाऱ्याकडे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त पडून राहता कामा नये. उत्तर आलं नाही, पण तीच पत्रं पुढे याचिकेला जोडता आली.

दिवाणी दावा टाळला, कारण सरकारविरुद्ध दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आणि मग तारखांवर तारखा. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट, म्हणजे खात्याला आदेश द्या अशी थेट याचिका, करायचं ठरलं. मी मसुद्यात ‘भाडेपट्टा नूतनीकरण करून द्यावा’ असं लिहून नेलं होतं. वकीलसाहेबांनी ते लाल पेनाने खोडलं. ‘अधिकाऱ्याचा निर्णय सहसा कोर्ट स्वतः घेत नाही. ठरावीक मुदतीत, म्हणणं ऐकून, कारणांसह निर्णय द्या, एवढंच मागा.’ तेव्हा पटलं नाही. आता वाटतं, सगळ्यात कामाची दुरुस्ती ती होती. आणखी एक, सही कोणी करायची याचा संस्थेचा ठराव आधीच करून ठेवा. आमचा त्यात आठवडा गेला.

सकाळी पंचवटी एक्सप्रेसने मुंबई. पहिल्या तारखेला सरकारी वकिलांनी सूचना घेण्यासाठी मुदत मागितली. दुसऱ्या तारखेला काही मिनिटांत आदेश झाला: आठ आठवड्यांत सुनावणी देऊन निर्णय घ्या, गुणदोषांवर आम्ही काही म्हटलेलं नाही. मी दारात उभ्या असलेल्या नानांना तो सांगितला, तर त्यांनी पहिलं विचारलं, ‘म्हणजे पावसाच्या आत?’

आदेशाची प्रत कार्यालयात पोचायची वाट पाहिली नाही, स्वतः नेऊन पोच घेतली. मुदत टळली असती तर अवमान याचिकेसाठी तीच पोच लागणार होती. सातव्या आठवड्यात सुनावणी झाली आणि निर्णय आला. पट्ट्याचं नूतनीकरण मंजूर, पण भाडं आम्हाला झेपणार नाही इतकं वाढवलेलं. छताचे पत्रे मृगाच्या आधी चढले. भाड्याविरुद्धचं अपील तयार होतंय आणि या वेळी पहिल्या रकान्यात भरायला आदेशाचा क्रमांक आणि तारीख आहे.