आमची वाटचाल : वाक्वाचं शिलाई दुकान

मॉरिशस १२ मार्च १९६८ ला स्वतंत्र झालं आणि त्याच सुमारास बाबांनी वाक्वा या तिथल्या गावात शिलाईचं दुकान टाकलं. लोकांनी त्यांना वेड्यात काढलं, कारण परिस्थितीच तशी होती, ६७ च्या निवडणुकीत ४४ टक्के मतं स्वातंत्र्याच्या विरोधात पडलेली, जानेवारी ६८ मध्ये पोर्ट लुईत दंगली पेटल्या आणि त्या आवरायला ब्रिटिश सैनिक आणावे लागले, कितीतरी शिकलेली कुटुंबं ऑस्ट्रेलियाला निघून गेली. निर्यात म्हणजे जवळजवळ सगळी साखरच, एक मोठं वादळ आलं की ऊस आडवा. आजोबा मळ्यात राबले होते, मुलाने तिथे जाऊ नये एवढंच त्यांचं म्हणणं.

दुकानाला खरा हात दिला तो युनिफॉर्मने. १९७७ पासून पहिले पंतप्रधान रामगुलाम यांच्या सरकारने माध्यमिक शिक्षण फुकट केलं, आधी फी झेपत नाही म्हणून मुलींना घरी बसवायचे, आता त्याच मुली माप द्यायला दुकानात येऊ लागल्या. जानेवारीत शाळा सुरू व्हायच्या आधी आई रात्र रात्र काज-बटणं करायची. स्कर्टला खाली चांगली चार बोटं कापड आत दुमडून ठेवायची, मुलगी उंच झाली की उसवून लांब करता यावा म्हणून. आम्ही अजूनही तसंच शिवतो.

७९ ला रुपयाचं अवमूल्यन झालं, ८१ ला परत. सुया, धागा, कापड सगळं बाहेरून येणारं, भाव असे भडकले की विचारू नका. पण निर्यातीसाठी माल बनवणाऱ्यांना सवलती देणाऱ्या १९७० च्या कायद्याने जे कारखाने आले ते पुढे ऐंशीच्या दशकात भराभर वाढले, आम्हालाही कॉलर-कफचं जॉबवर्क मिळायला लागलं. त्या कारखान्यांत जास्त करून बायकाच, आणि त्यांचं किमान वेतन पुरुषांपेक्षा कमी ठेवलेलं! मला हे आजही पटत नाही, देश त्यांच्याच हातांवर उभा राहिला. बाबांनी आपल्याकडे नगाचा दर सगळ्यांना एकच ठेवला.

२००५ ला कापडाचा कोटा, म्हणजे श्रीमंत देशांनी कुठल्या देशाकडून किती माल घ्यायचा याची मर्यादा, संपला, चिनी मालापुढे बरेच कारखाने बंद पडले, जॉबवर्क गेलं. मग परत युनिफॉर्म, जोडीला हॉटेलच्या चादरी-पडदे. आता ऑर्डरी मुलगी बघते. कापड मात्र अजून बोटीनेच येतं, उशीर झाला तर जानेवारीचं सगळं कोलमडतं, म्हणून ती ऑगस्टमध्येच मागवून ठेवते.