हायवे 13 आणि अण्णांची मसूर

अण्णांनी लातूरच्या एका डाळ मिलमध्ये पस्तीस वर्षं मुनीमकी केली. शेवटच्या काही वर्षांत मिलमध्ये ‘कॅनडा मसूर’ यायची. तेव्हा ते फोनवर एकच प्रश्न विचारायचे, “तू राहतीस तिथंच पिकती का गं ही?” मी रेजायनाला राहते, सस्कॅचेवान प्रांताच्या राजधानीत. कॅनडात पिकणारी जवळजवळ सगळी मसूर याच प्रांतातली. गेल्या ऑगस्टमध्ये अण्णा पहिल्यांदा इकडे आले आणि मी ठरवलं की त्यांना नायगारा नाही, हायवे 13 दाखवायचा.

मॅनिटोबाच्या सीमेपासून अल्बर्टाच्या सीमेपर्यंत, अमेरिकेच्या हद्दीला जवळपास समांतर, पावणेसातशे किलोमीटरच्या आसपास हा रस्ता जातो. दोनच लेन, मध्ये दुभाजक नाही. आम्ही रेजायनाहून खाली वेबर्नला आलो आणि तिथून पश्चिमेकडे वळलो. वळणावरच्या पाटीवर लाल डगल्यातला घोडेस्वार पोलीस दिसतो, कारण या वाटेला रेड कोट ट्रेल म्हणतात.

नावामागची गोष्ट 1874 ची. आदल्या वर्षी जूनमध्ये इथून पश्चिमेला सायप्रेस हिल्समध्ये अमेरिकेकडून आलेल्या लांडगे मारणाऱ्यांनी आणि दारूच्या व्यापाऱ्यांनी तिथल्या मूळच्या नाकोडा लोकांच्या तळावर हल्ला करून अनेकांना ठार मारलं. कॅनडा सरकारने घोडदळी पोलिसांची नवी तुकडी उभारली होती, तिच्या रवानगीला या हत्याकांडाने घाई आणली. 8 जुलै 1874 ला मॅनिटोबातल्या फोर्ट डफरिनहून पावणेतीनशे शिपाई, तीनशेच्या वर घोडे, बैलगाड्या आणि दोन तोफा घेऊन निघाले. अमेरिकी सैन्य निळ्या गणवेशात असायचं. त्याच्यापेक्षा आपण वेगळे आहोत हे मूळच्या रहिवाशांना लांबून कळावं म्हणून यांना लाल डगले दिले. उन्हाळ्यात पाणी मिळेना, गवत टोळांनी खाल्लेलं, जनावरं वाटेत मरत गेली. ऑक्टोबरमध्ये, ज्यांना आवरायला निघाले होते त्या दारूच्या व्यापाऱ्यांच्या अड्ड्यावर ते पोचले तेव्हा अड्डा जवळजवळ रिकामा झाला होता. पुढे या दलाचे रॉयल कॅनेडियन माउंटेड पोलीस झाले. त्यांची प्रशिक्षण छावणी आमच्या रेजायनातच आहे.

पण हा रस्ता त्या शिपायांच्या नेमक्या वाटेवरून जात नाही. त्यांची वाट पुष्कळ ठिकाणी वेगळी होती. नाव शोभेचं आहे, आणि मला ते पुरेसं वाटत नाही. हा रस्ता धान्याचा आहे. दोन दिवस अण्णांच्या शेजारी बसून गाडी चालवल्यावर मला ते नीट दिसलं.

वेबर्नमध्ये आम्ही थोडाच वेळ थांबलो. टेकडीवर एक जुनं बाप्टिस्ट चर्च आणून ठेवलंय. टॉमी डग्लस 1930 मध्ये तरुण धर्मोपदेशक म्हणून याच चर्चमध्ये आले होते. दुष्काळ आणि मंदीतले हाल त्यांनी इथे जवळून पाहिले आणि राजकारणात उतरले. पुढे प्रांताचे प्रीमियर, म्हणजे आपल्याकडच्या मुख्यमंत्र्यांसारखे, झाले. त्यांनी आखलेली सरकारी आरोग्य योजना 1 जुलै 1962 पासून सस्कॅचेवानमध्ये सुरू झाली आणि नंतर सगळ्या देशाने उचलली. अण्णांना मी सांगितलं, माझं बाळंतपण एक पैसा न देता झालं ते या माणसामुळे. अण्णा चर्चच्या दारापाशी चप्पल काढून उभे राहिले.

वेबर्न सुटलं की जमीन सपाट होते आणि सरळ रेषा सुरू होतात. 1870 च्या दशकापासून मोजणी करताना सरकारने सगळी प्रेअरी, म्हणजे इथलं गवताळ मैदान, एकेक मैलाच्या चौकोनांत आखली. छत्तीस चौकोनांची एक टाउनशिप. 1872 च्या कायद्याने दहा डॉलर भरून वसायला येणाऱ्याला 160 एकर मिळायचे, अट अशी की तीन वर्षं राहून जमीन लागवडीखाली आणायची. अण्णा म्हणाले, “दहा रुपड्यांत एकशे साठ एकर? आमच्याकडं बांधाच्या हातभर जमिनीवरून भावाभावांत कोर्टकचेऱ्या चालत्यात.” मग थोडा वेळ गप्प बसून त्यांनी विचारलं, “आन् आधी जे राहत होते, त्यांचं?” खरं उत्तर सांगण्यासारखं नव्हतं. 1879 पर्यंत, त्यांचं पोट ज्यांच्यावर होतं ते रानगवे संपले होते, आणि सायप्रेस हिल्समधल्या भुकेल्या लोकांना उत्तरेकडच्या राखीव जमिनींवर हलवण्यासाठी सरकारने शिधा अडवून धरला. ते ऐकल्यावर अण्णांनी पुढची वीसेक किलोमीटर काही विचारलं नाही.

मग त्यांनी गावं मोजायला सुरुवात केली. “अजून एक आलं. आठ मैल झाले?” त्यांचा अंदाज बरोबर होता. कॅनेडियन पॅसिफिक रेल्वेचा वेबर्नवरून जाणारा फाटा 1912 मध्ये असिनिबोइयाला आणि 1913 मध्ये शॉनाव्हनला पोचला, आणि रुळांच्या कडेने दर आठ-दहा मैलांवर स्टेशन पडलं. कारण साधं होतं. घोड्याच्या गाडीत गहू भरून निघालेला शेतकरी माल उतरवून त्याच दिवशी घरी परत यायला हवा. लिमरिक, मेरोन, किंकेड, हेझनमोर, अॅनेरॉइड ही गावं अशी घोड्याच्या पायांनी मोजून ठेवलेली आहेत. प्रत्येक गावाला लाकडी एलिव्हेटर, म्हणजे उंच उभं धान्याचं कोठार. 1933 च्या सुमारास तिन्ही प्रेअरी प्रांतांत मिळून अशी साडेपाच हजारांहून जास्त कोठारं होती. आता रस्त्यावरून मोजकीच दिसतात, रंग उडालेली, आणि ती दहा किलोमीटरवरून दिसतात.

पाँटेक्स तर रेल्वेसाठी उठून आलेलं गाव. फ्रेंच धर्मगुरूंनी 1908 मध्ये ओढ्याच्या पलीकडे वसवलं होतं, रूळ अलीकडून गेले तसं सगळं गाव अलीकडे आलं. त्याच्या पूर्वेला अॅनेरॉइड. मोजणी करणाऱ्यांचं अॅनेरॉइड जातीचं वायुभारमापक यंत्र तिथे हरवलं, म्हणून गावाला ते नाव. एवढ्याशा गावातून बर्फावरच्या हॉकीच्या राष्ट्रीय लीगमध्ये सर्वांत जास्त सामने खेळलेला पॅट्रिक मार्लो आला, आणि पुढच्या शॉनाव्हनमधून महिला हॉकीतली हेली विकनहायझर.

असिनिबोइयाच्या पुढे मसूर लागली.

मी ओळखलीच नसती. गुडघ्याच्याही खाली, तपकिरी झालेलं, जमिनीला चिकटलेलं पीक. अण्णा म्हणाले, “थांबव.” एक हार्वेस्टर चालू होता. आम्हाला बांधावर उभं पाहून शेतकऱ्याने तो कडेला आणला आणि खाली उतरला. साठीचा माणूस. मी सांगितलं, माझे वडील भारतात डाळीच्या मिलमध्ये होते. तो पुन्हा वर चढला आणि टाकीतून ओंजळभर मसूर घेऊन आला. अण्णांनी ती तळहातावर पसरली, फुंकर मारून फोलपट उडवलं, एक दाणा पुढच्या दातांत धरून चावला. टक् आवाज झाला. “हवा नाही. माल कोरडा हाय.” मी भाषांतर केलं. शेतकऱ्याने केबिनमधलं ओलावा मोजायचं यंत्र दाखवलं आणि मान डोलावली. मग त्याने एक रोप उपटून अण्णांच्या हातात दिलं. शेंगा चपट्या, करंगळीच्या नखाएवढ्या, आत एक किंवा दोनच दाणे. एवढ्या खालून कापायचं तर दगड पात्यात येणार, म्हणून पेरणीनंतर शेतावर जड रोलर फिरवून दगड जमिनीत दाबतात, हेही त्याने पायाने दाबून दाखवलं.

ही मसूर इथली जुनी नाही. पूर्वी गहू आणि मग एक वर्ष पडीक, असंच चालायचं. पडीक जमीन वाऱ्याने उडायची. 1930 च्या दशकात याच पट्ट्यात दुपारी दिवे लावावे लागत एवढी धूळ उठायची. पेट्रोलला पैसे नाहीत म्हणून लोकांनी मोटारीला घोडे जुंपले होते, आणि पूर्व कॅनडातून मदतीच्या रेल्वे डब्यांत सफरचंदं आणि सुकवलेले मासे आले होते. 1972 मध्ये सस्कॅचेवान विद्यापीठात अल स्लिंकर्ड नावाचे शास्त्रज्ञ आले, 1978 मध्ये त्यांनी लेअर्ड हे मसुरीचं वाण दिलं. हवेतला नत्र धरणारं, कमी पाण्यावर येणारं पीक. पडीकाच्या जागी मसूर आली. शेतकऱ्याने 2017 ची आठवण काढली. त्या डिसेंबरात भारताने मसुरीवर 30 टक्के आयात शुल्क लावलं होतं. “त्या वर्षी माझ्या कोठीत माल तसाच पडून राहिला,” तो म्हणाला. अण्णांनाही ते वर्ष लख्ख आठवत होतं, दुसऱ्या बाजूने. तूर-हरभऱ्याला भाव नव्हता, आडतीपुढे शेतकरी दिवसदिवस बसून असायचे. दोघांनी एकमेकांची बाजू ऐकून घेतली. मी मध्ये दुभाषी होते. मला दोन्ही बाजू पटत होत्या आणि त्याचा त्रासही होत होता.

रात्री शॉनाव्हनला मुक्काम केला. इथून धान्याची गाडी अजून सुटते, याचं मला फार कौतुक आहे. सरकारने ठरवून दिलेलं धान्यवाहतुकीचं स्वस्त भाडं 1995 मध्ये संपलं आणि रेल्वे कंपन्यांना हे फाटे नकोसे झाले. 2004 मध्ये इथल्या शेतकऱ्यांनी आणि स्थानिक लोकांनी पैसे घालून ग्रेट वेस्टर्न रेल्वे ही छोटी कंपनी विकत घेतली. अण्णांना लगेच बार्शी लाइट आठवली. डाळीची पोती चढताना त्यांनी लहानपणी पाहिलेली. “आपण नाही घेतली कुणी इकत,” ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी ईस्टएंडला डोंगरउतार आणि नदी दिसली, तेव्हा डोळ्यांना बरं वाटलं. इथे 1991 मध्ये एका शाळामास्तरांना टायरानोसॉरस या डायनासोरचं हाड सापडलं. त्या प्राण्याचं वजन जवळपास पावणेनऊ टन असावं, असं 2019 मध्ये शास्त्रज्ञांनी मांडलं. संग्रहालय चांगलं आहे, तासभर द्या.

त्यापुढे रस्ता रिकामा होत जातो. रॉबसार्टमध्ये दुकानांच्या खिडक्यांना फळ्या ठोकलेल्या, आत गवत. अण्णा भूकंपानंतर जुन्या किल्लारीत गेलेले आहेत. ते म्हणाले, “तिथं एका रात्रीत गेलं. इथं काय झालं?” मी म्हटलं, “अण्णा, ट्रक आला. घोड्याच्या अंतरावरचं गाव लागेनासं झालं.”

अल्बर्टाच्या सीमेआधी गोव्हनलॉक. 1976 मध्ये ग्रामपंचायत विसर्जित झाली, आता घरं नाहीत. अमेरिकेत दारूबंदी होती तेव्हा इथूनच व्हिस्की मोंटानात जायची. ज्या दारूला अडवायला लाल डगले आले, तीच पन्नास वर्षांत उलट्या दिशेने वाहत होती. आम्ही गाडी बंद करून उतरलो. वारा, कुंपणाच्या तारा, आणि कुठेतरी लांब एक हार्वेस्टर.

अण्णा बराच वेळ उभे होते. मग म्हणाले, “इथला बाजार कुठल्या वारी भरायचा गं?”

“शनिवारी रात्री,” मी म्हटलं. “शेतातलं उरकून सगळे गावात यायचे. दुकानं उशिरापर्यंत उघडी असायची.”

“शनिवारी,” ते म्हणाले, आणि खिशातली ती मसुरीची शेंग काढून पुन्हा एकदा बघितली.