तिघांतला तिसरा

‘किंग ऑफ जॅझ’ हा १९३० चा सिनेमा आज पाहायला बसलं की एक पंचाईत होते. पडद्यावर तीन पोरं मिळून गात असतात आणि आपली नजर जाते ती एकाचकडे. तो बिंग क्रॉस्बी आहे, पुढे अमेरिकेचा लाडका गायक होणार आहे, हे आपल्याला ठाऊक असतं ना! कॅमेऱ्याला त्याचा पत्ताच नव्हता. त्याच्या लेखी हे पॉल व्हाइटमनच्या भल्यामोठ्या वाद्यवृंदातले ‘रिदम बॉइज’, प्रहसनांच्या अधेमधे येऊन धमाल उडवून जाणारे.

तिघांतले क्रॉस्बी आणि अल रिंकर अमेरिकेतल्या वॉशिंग्टन राज्यातल्या स्पोकेनचे. १९२५ मध्ये जुनाट फोर्ड हाकत दोघं लॉस एंजेलिसला आले, कारण रिंकरची बहीण तिथे गायची. (ती मिल्ड्रेड बेली. तीही पुढे जॅझमधलं मोठं नाव झाली.) वर्षभरात व्हाइटमनने त्यांना उचललं, पण न्यूयॉर्कच्या प्रेक्षकांना काही ते रुचले नाहीत. मग १९२७ मध्ये जोडीला आला हॅरी बॅरिस. हा पियानो वाजवायचा, मध्येच त्याचं झाकण धाडकन आपटायचा. गाण्यात वात्रटपणा शिरला तो याच्यामुळे. माझा जीव या तिसऱ्यावर.

सिनेमाच्या वेळी क्रॉस्बी दारू पिऊन गाडी चालवल्याबद्दल तुरुंगात होता. त्याच्या वाट्याचं एकट्याचं गाणं जॉन बोल्सला गेलं. तिघांच्या गाण्यांसाठी मात्र त्याला पोलीस पहाऱ्यात स्टुडिओत आणलं जाई. पडद्यावर त्याचा चेहरा बघा, कसली फिकीर म्हणून नाही!

सिनेमा तसा विचित्रच. टेक्निकलर हे रंगीत चित्रीकरणाचं तंत्र तेव्हा दोन रंगांचं, त्यात खरा निळा उमटेना, आणि हौस नावातच निळा असलेली ‘ऱ्हॅप्सडी इन ब्लू’ ही संगीतरचना दाखवायची. ती मोरपिशी झाली. शेवटी जॅझचा उगम दाखवताना युरोपातले देश एकामागून एक येतात आणि ज्यांचं हे संगीत, त्या कृष्णवर्णीयांचा मागमूसही नाही. हे मात्र हसण्यावारी नेता येत नाही.

व्हाइटमनला सोडून तिघं लॉस एंजेलिसच्या ‘कोकोनट ग्रोव्ह’ या नाइटक्लबमध्ये गायला लागले. तिथे बॅरिसने ‘आय सरेंडर, डिअर’ची चाल बांधली. १९३१ मध्ये क्रॉस्बीने ती एकट्याने गायली, तबकडी गाजली आणि त्याच वर्षी त्रिकूट मोडलं. म्हणजे मित्राला एकट्याने गाजायची वाट बॅरिसनेच करून दिली!

त्यानंतर बॅरिस कित्येक सिनेमांत पियानोवाला म्हणून दिसतो, बहुतेकदा श्रेयनामावलीत नावही नाही. रिंकर रेडिओचे कार्यक्रम करू लागला. १९४३ मध्ये व्हाइटमनच्याच रेडिओ कार्यक्रमात तिघं पुन्हा एकदा एकत्र आले. क्रॉस्बी तोवर अमेरिकेचा लाडका गायक झालेला. पण गाणं तिघांचं होतं, तेव्हा त्यालाही आपली ओळ यायची वाट पाहावी लागली असणार.