तुम्ही विचारलंत म्हणून: पेरिकोच का?

माझ्या सायकलच्या पाण्याच्या बाटलीवर पांढऱ्या मार्करने ‘पेरिको’ लिहिलेलं आहे. पुण्याच्या आसपास ब्रेव्हे होतात, म्हणजे २०० नाहीतर ३०० किलोमीटर ठरलेल्या वेळेत पुरे करायचे. मी हल्ली त्यात सायकल चालवतो कमी आणि कंट्रोलवर, म्हणजे वाटेतल्या तपासणीच्या टेबलावर, बसून स्वारांच्या कार्डांवर शिक्के मारतो जास्त. बाटली टेबलावरच असते, त्यामुळे प्रश्न येतोच. आधी ‘काका, पेरिको म्हणजे काय?’ आणि सांगितलं की त्यातला एखादा जाणकार हमखास पुढचं विचारतो, ‘स्पेनचाच घ्यायचा होता तर पाच वेळा टूर द फ्रान्स जिंकलेला इंदुराइन सोडून हा एकदा जिंकलेला कशाला?’ मागे रांग लागलेली असते, उत्तर अर्धवट राहतं. आज निवांत सांगतो.

पेरिको म्हणजे स्पेनचा सायकलपटू पेद्रो देल्गादो. जन्म १९६०चा, गाव सेगोव्हिया, जिथे रोमनांनी बांधलेला जलसेतू भर गावातून जातो. पांडुरंगाचा जसा पांडू होतो तसा पेद्रोचा पेरिको. शिवाय स्पॅनिशमध्ये पेरिको म्हणजे पोपट. हे मला बऱ्याच उशिरा कळलं आणि कळल्यावर मी एकटाच हसत बसलो. कारण या माणसाचा जेवढा जाहीर पोपट झाला, तेवढा सायकलिंगमध्ये क्वचितच कुणाचा झाला असेल.

१ जुलै १९८९, लक्झेंबर्ग. टूर द फ्रान्सचा पहिला दिवस, प्रोलॉग, फक्त ७.८ किलोमीटर. एकेक जण उतरत्या रॅम्पवरून निघतो, एकट्याने घड्याळाशी झुंजतो आणि गतविजेता मानाने सगळ्यात शेवटी निघतो. आदल्या वर्षीचा विजेता देल्गादो. त्याची वेळ झाली आणि रॅम्प मोकळा. हा गडी अंग गरम करायला म्हणून सायकल घेऊन गेला होता, तो मागच्या रस्त्यांवर भरकटला. संघातले लोक शोधाशोध करतायत, घड्याळ चालू. आला तेव्हा २ मिनिटं ४० सेकंद उलटून गेली होती. रॅम्पवर चढला आणि तसाच सुटला.

इथे नवख्या माणसाला एक गोष्ट समजावून सांगावी लागते. उशीर झाला म्हणून त्याला कुणी बाद केलं नाही की दंड ठोकला नाही. घड्याळ फक्त त्याच्या ठरलेल्या वेळेला सुरू झालं होतं, एवढंच. आमच्या ब्रेव्हेतही तेच. सहाची सुरुवात असेल आणि तुम्ही साडेसहाला डोळे चोळत आलात तरी निघू देतो, पण २०० किलोमीटरचे साडेतेरा तास सहापासूनच मोजतो. मध्यंतरी एक पोरगा कंट्रोल बंद झाल्यावर चार मिनिटांनी आला. घामाने कार्ड ओलं, चेहरा लाल. ‘काका, चारच मिनिटं हो.’ मी शिक्का मारला नाही. त्याने बाटलीकडे बघून काहीतरी पुटपुटलं, ते मी ऐकलं नाही असं दाखवलं.

तर प्रोलॉगमध्ये १९८ जणांत देल्गादोचा नंबर १९८वा. दुसऱ्या दिवशी सांघिक टाइम ट्रायल होती. त्यात अख्खा संघ एका रांगेत, एकमेकांच्या चाकामागे दडून वारा चुकवत जातो, पाळीपाळीने पुढे येऊन ओढतो. देल्गादोला मागच्या चाकाला चिकटून राहणंही जमेना. पाय गेले होते की डोकं, हे ज्याचं त्याने ठरवावं. संघाच्या मुख्य स्वाराला मागे टाकून जाता येत नाही, म्हणून बाकीचे थांबत थांबत गेले आणि त्याचा रेनॉल्ड्स हा संघही शेवटचा आला. दोन दिवसांत गतविजेता सात मिनिटांहून जास्त मागे आणि यादीच्या तळाला.

एखादा पोटदुखीचं निमित्त काढून घरी गेला असता. पाचव्या टप्प्यात ७३ किलोमीटरची एकट्याची टाइम ट्रायल होती. तिथे अमेरिकेचा ग्रेग लेमाँड हँडलला नव्या तऱ्हेचे पुढे आलेले बार लावून पहिला आला, आणि त्याच्यामागे २४ सेकंदांनी दुसरा कोण, तर हाच. पिरेनीजच्या डोंगरांत सुपरबान्येरला दुसरा. आल्प्समध्ये आल्प द्युएझला पुन्हा दुसरा. रोज कुणाला ना कुणाला मागे टाकत पॅरिसला पोचला तेव्हा एकूण यादीत तिसरा होता, लेमाँडच्या ३ मिनिटं ३४ सेकंद मागे.

त्या टूरचं नाव काढलं की सगळे ८ सेकंदांवर येतात, म्हणजे शेवटच्या दिवशी लेमाँडने फ्रान्सच्या लोराँ फिन्याँला ज्या फरकाने हरवलं ते. बरोबरच आहे, तसं पुन्हा झालं नाही. मी मात्र कागद घेऊन ३:३४ मधून २:४० वजा करत बसतो. उरतात ५४ सेकंद. म्हणजे वेळेवर आला असता तर जिंकलाच असता, असं नुसत्या वजाबाकीने म्हणता येत नाही. त्याचे चाहते लगेच दुसऱ्या दिवशीचं सांघिक नुकसान पुढे करतात की ते त्या उशिराच्या धक्क्यातूनच आलं. मला ते पटतं, पण सिद्ध करता येत नाही.

गंमत अशी, की त्याच्या चार वर्षं आधी घड्याळ त्याच्या बाजूने होतं. १९८५ची वुएल्ता, म्हणजे स्पेनची टूर. तेव्हा रॉबर्ट मिलर या नावाने स्पर्धा करणाऱ्या, आजच्या फिलिपा यॉर्क आघाडीवर होत्या. शर्यतीचे दोनच दिवस उरलेले. देल्गादो ६ मिनिटं १३ सेकंद मागे, कुणाच्या हिशोबातही नाही. शेवटून दुसरा टप्पा नेमका त्याच्या गावाकडचा, ग्वादारामाच्या डोंगरांतला, शेवट सेगोव्हियाजवळच्या व्हिस्कीच्या कारखान्यापाशी. मिलर यांची सायकल पंक्चर झाली, त्या गडबडीत आणि खराब हवेत देल्गादो पुढे सटकला. होसे रेसिओ नावाचा आणखी एक स्पॅनिश गडी सोबतीला मिळाला. मागे मिलर यांची नजर दुसऱ्या-तिसऱ्या नंबरवाल्यांवर. सहा मिनिटं मागे असलेल्या माणसाची कोण काळजी करतो? तो किती पुढे गेलाय हे कळलं तोवर फार उशीर झाला होता आणि आजूबाजूच्या स्पॅनिश संघांतला कुणीही पाठलागाला हात लावायला तयार नव्हता. टप्पा रेसिओने घेतला, वुएल्ता देल्गादोने ३६ सेकंदांनी. स्पेनमध्ये जल्लोष झाला, पण मला त्यात संगनमताचा वास येतो. आवडत्या माणसाचा विजय आहे म्हणून त्याला मी साजूक तुपातला म्हणणार नाही.

याच दोघांची गाठ १९८३ मध्येही पडली होती. देल्गादोची पहिली टूर, पो ते ल्यूशाँ हा पिरेनीजमधला टप्पा. शेवटच्या घाटाच्या उतारावर देल्गादो मिलर यांना गाठायला असा काही सुटला, की सीटवरून पुढे सरकून नाक जवळजवळ पुढच्या चाकावर, पोट दांड्यावर, पाठ सपाट. हेल्मेट नाही, कापडी टोपीच. ६ सेकंद कमी पडले आणि दुसरा आला. पण फ्रेंचांनी त्याला ‘पिरेनीजचा वेडा’ हे नाव बहाल केलं. ते छायाचित्र बघून कुणी वरंधा घाट उतरायला जाऊ नका, एवढीच विनंती.

१९८६ मध्ये टूर चालू असतानाच आई गेल्याची बातमी आली आणि तो शर्यत सोडून घरी गेला. १९८७ मध्ये पिवळी जर्सी, म्हणजे एकूण यादीत पहिला असलेल्याची, अंगावर होती. ला प्लान्यच्या चढावर त्याने आयरिश स्टीफन रोशला मागे टाकलं, शेवटी शेवटी फरक एक मिनिटाच्या वर होता. रोश कसा कुणास ठाऊक धापा टाकत वर आला, रेषेवर फरक उरला ४ सेकंद, आणि रोश तिथेच कोसळला, ऑक्सिजन लावावा लागला. दिज्याँच्या टाइम ट्रायलमध्ये रोशने जर्सी काढून घेतली. टूर गेली ४० सेकंदांनी.

मग १९८८. त्या वर्षी तो सगळ्यांहून सरळसरळ वरचढ होता. आल्प द्युएझला जर्सी घेतली, दुसऱ्या दिवशी डोंगरातली टाइम ट्रायल जिंकली, पॅरिसला दुसऱ्या नंबरच्या स्टीव्हन रूक्सपेक्षा ७ मिनिटं १३ सेकंद पुढे. पण मध्येच बातमी फुटली की तपासणीत प्रोबेनेसिड सापडलं. लघवीतून स्टेरॉइड दिसू नयेत म्हणून हे औषध घेतलं जात असे. ऑलिम्पिक समितीच्या बंदीच्या यादीत ते होतं, सायकलिंगच्या यादीत तोवर आलं नव्हतं, म्हणून शिक्षा झाली नाही. नियमाने तो सुटला. माझ्या मनातून पूर्ण सुटलेला नाही, आणि पोरांना मी हेही सांगतो. पुतळा करून पूजायचा असेल तर दुसरा कुणी शोधा.

आणि इंदुराइन? तो त्याच संघात होता. १९९० मध्ये, संघाचं नाव आता बानेस्टो झालेलं, इंदुराइन आल्प द्युएझच्या टप्प्यावर देल्गादोसाठी राबला आणि स्वतःची वेळ घालवून बसला. देल्गादो चौथा आला, इंदुराइन दहावा. त्याला मोकळं सोडलं असतं तर, यावर स्पेनमध्ये भरपूर वाद झाले. पुढच्या वर्षी वाद संपला. इंदुराइनने जर्सी घेतली ती १९९५ पर्यंत सोडली नाही, आणि देल्गादो, टूर जिंकलेला माणूस, त्याच्यासाठी चढावर वारा अंगावर घेत पुढे चालू लागला. १९९४ मध्ये निवृत्त होण्याआधी वुएल्तात तिसरा येऊन गेला. नंतर स्पेनच्या सरकारी वाहिनीवर समालोचन करायला बसला.

इंदुराइन यंत्रासारखा जिंकला, त्याला माझा नमस्कार आहे. पण त्याच्याबद्दल सांगायला बसलं तर आकडे पाच मिनिटांत संपतात. पेरिकोचे ६:१३, ०:४०, २:४० सांगता सांगता रांगेतली पोरं चहाचा दुसरा कप घेतात, आणि मला रागावून ‘कंट्रोल बंद होतोय, निघा’ म्हणावं लागतं.

अजूनही टूरमध्ये टाइम ट्रायल असली की टीव्हीवर शेवटच्या स्वाराची वेळ जवळ आली की मी पडद्याकडे सरकून बसतो. पिवळी जर्सी रॅम्पवर चढली, मागे सीट धरणारा माणूस उभा राहिला, की मगच मी स्वयंपाकघरात भात लावायला जातो.