माडीवरच्या खोलीचं माप

माडीवरच्या खोलीत मी शनिवार-रविवार गाण्याचा वर्ग घेते. गोव्यातल्या म्हार्दोळजवळच्या आमच्या वाड्यावरची चौदा मुलं येतात, सगळ्यात धाकटी सहा वर्षांची. खोलीत टाइल्स आहेत. पावसाळ्यात त्या इतक्या गार पडतात की मुलं सारखी मांडी बदलतात, आणि मांडी हलली की लागलेला सा सुद्धा हलतो. सतरंजी घातली तर ती तासाभरात सरकून गोळा होते. त्यात उघड्या फरशीवर आवाज घुमतो. चौदा गळे एकदम लागले की एकाही मुलाला स्वतःचा स्वर धड ऐकू येत नाही. शिकणाऱ्याला आपला स्वर ऐकू यायलाच हवा, म्हणून मला तिथे भिंतीपासून भिंतीपर्यंत कार्पेट हवं होतं.

दोन वर्षांपूर्वी एकदा घातलंही होतं. ते फसलं आणि मापातच फसलं. दुकानातून आलेल्या मुलाने खोलीच्या मधोमध दोनदा टेप टाकली, एकदा लांबीला, एकदा रुंदीला. रुंदी ११ फूट ११ इंच आणि वर थोडी. "बारा फुटी रोलमध्ये बसतंय मॅडम, जोड येणार नाही," म्हणाला आणि पाच मिनिटांत गेला. मीही खूश झाले. कार्पेट आलं, दाराकडे छान बसलं, वर अडीच इंच कापावंही लागलं. पण खिडकीकडच्या शेवटच्या साडेचार फुटांत कड भिंतीपासून हळूहळू सुटत गेली आणि कोपऱ्यात सव्वा इंचाची फट उरली. त्यांनी उरलेल्या तुकड्यातून पट्टी कापून फटीत चिकटवली. तुकडा आडवा कापलेला होता, त्यामुळे त्याची लव, म्हणजे वरच्या धाग्यांचा कल, आडवी पडली, आणि तेच कार्पेट असून ती पट्टी काळपट दिसायची. मुलांची बोटं नेमकी तिथेच जायची. धागे सुटले. खालचं अस्तर तागाचं होतं. खिडकीतून येणारी ओल त्याने धरली आणि श्रावणात खोलीला कुबट वास सुटला. चतुर्थीच्या आत ते उचलून टाकलं.

तेव्हा सगळ्यांनी एकच सांगितलं, गोव्यात कार्पेट टिकतच नाही. वर्षाला साधारण ३००० मिलिमीटर पाऊस पडतो तिथे असं वाटणं साहजिक आहे. पण मी त्या खोलीत रोज बसते आणि मला पटत नव्हतं. ओल एकाच कोपऱ्यात होती, फटही त्याच कोपऱ्यात होती. बाकीची खोली कोरडी होती. तर या वेळी आधी खोली नीट समजून घ्यायची आणि मग दुकानाची पायरी चढायची, असं ठरवलं.

सुरुवात घराच्या नकाशापासून केली. त्यावर खोली ४.२० बाय ३.६० मीटर, म्हणजे १५.१२ चौरस मीटर. आपल्याकडे गोव्यात जमीन, फ्लॅट सगळं चौरस मीटरमध्येच बोलतात, मलाही तेच सवयीचं. मडगावच्या दुकानात हा आकडा सांगितला तर त्यांनी लगेच फूट-इंच विचारले, कारण त्यांचे रोल फुटात. घरी येऊन शिवणकामाच्या टेपने मोजायला घेतलं आणि प्रत्येक वेळी उत्तर वेगळं यायला लागलं. कापडी टेप जुनी झाली की ताणली जाते. ती खोली मोजायला वापरू नये, हे तेव्हा कळलं.

शेवटी शेजारच्या मेस्तकाकांना बोलावलं. मेस्त म्हणजे सुतार. सत्तरी ओलांडली आहे, हल्ली काम करत नाहीत, पण तालुक्यातली कितीतरी दारं-खिडक्या त्यांच्या हातची. आल्या आल्या त्यांनी टेप बाहेर काढली नाही. दारात उभे राहून दोन्ही भिंतींच्या कडेने नजर फिरवली आणि म्हणाले, "बाय, ही उजवीकडची भिंत गुण्यात नाही."

गुण्यात नाही म्हणजे काटकोनात नाही. ते दाखवायला त्यांनी खडू मागितला. दाराच्या भिंतीकडेने कोपऱ्यापासून ३ फुटांवर एक खूण, उजव्या भिंतीकडेने ४ फुटांवर दुसरी. या दोन खुणांमधलं तिरपं अंतर बरोबर ५ फूट आलं तर कोपरा काटकोनात. आलं ५ फूट आणि वर पाच सूत. सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, मेस्तकाकांची सगळी मापं सुतात असतात. चार फुटांत जवळजवळ एक इंच भिंत बाहेर गेली होती. डावीकडच्या कोपऱ्यात तेच केलं तर नेमके ५ फूट.

मग कर्ण घेतले. दाराकडच्या डाव्या कोपऱ्यापासून खिडकीकडच्या उजव्या कोपऱ्यापर्यंत १८ फूट पावणेचार इंच. दुसरा कर्ण १८ फूट सव्वा इंच. दोघांत अडीच इंचांचा फरक. खोली आयताकृती असती तर दोन्ही सारखेच आले असते. कारणही त्यांनीच सांगितलं. उजवीकडची भिंत खालच्या जुन्या चिऱ्यांच्या भिंतीवर उभी आहे आणि ती जुनी भिंत पूर्वीच्या पाणंदीच्या कलाने बांधलेली. माडी चढवताना तीन भिंती गुण्यात घेतल्या, चौथी जुन्या भिंतीच्या मागे गेली. तीस वर्षं त्या खोलीत बसून मला कधी दिसलं नव्हतं.

रुंदी पाच ठिकाणी मोजली, दारापासून खिडकीपर्यंत दर तीन-साडेतीन फुटांवर. इथे दोन गोष्टी मेस्तकाकांनी माझ्याकडून करून घेतल्या. टेप कमरेच्या उंचीवर धरायची नाही, जमिनीलाच धरायची आणि स्कर्टिंगपासून स्कर्टिंगपर्यंत मोजायचं, कारण कार्पेट तिथेच थांबतं. प्लास्टरला कुठे फुगार असतो, स्कर्टिंग अर्धा इंच पुढे आलेलं असतं, आणि नकाशात यातलं काहीच नसतं. दुसरं, टेपच्या टोकाचा आकडा, म्हणजे हुक. तो थोडा हलतो म्हणून मला वाटायचं टेप खराब झाली आहे. तर तो मुद्दामच सैल ठेवलेला असतो. फळीच्या कडेला अडकवून ओढला की बाहेर येतो, भिंतीला टेकवून दाबला की आत जातो, आणि आकड्याच्या जाडीएवढी चूक दोन्हीकडे भरून निघते. म्हणजे भिंतीला टेकवला की दाबून धरायचा. हे एकदा हाताला कळलं आणि माझी मापं पुन्हा पुन्हा तीच यायला लागली.

कागदावर मात्र मी सेंटीमीटरच लिहिले. मागे दुकानदाराशी फोनवर बोलताना "अकरा दहा" म्हणाले होते, म्हणजे ११ फूट १० इंच, आणि त्यांनी लिहून घेतलं होतं ११.१० फूट. म्हणजे ११ फूट आणि जेमतेम सव्वा इंच. त्यांनी आकडे परत वाचून दाखवले म्हणून सापडलं. फूट-इंचांत बिंदू लावला की घोटाळा ठरलेलाच. सेंटीमीटरला हा धोका नाही.

दाराकडची रुंदी आली ३५९.४, खिडकीकडची ३६८.९, लांबी ४१९.१ सेंटीमीटर. बारा फुटी रोल म्हणजे ३६५.८. मागच्या वेळी काय झालं ते कागदावर स्वच्छ दिसलं. मधोमध रुंदी ३६४ होती, तिथे रोल पुरत होता. टोकाला तीन सेंटीमीटर कमी पडत होता. मधल्या एका मापाने खोलीची दोन्ही टोकं झाकली गेली होती. त्या मुलाने खोलीच्या दोन्ही टोकांना टेप टाकली असती तर माझं एक कार्पेट वाचलं असतं. अजून चुटपुट लागते.

मग हिशेब. बसवणारे प्रत्येक बाजूला ७-८ सेंटीमीटर जास्त मागतात, भिंतीला लावून कापायला. म्हणजे रुंदी ३६९ अधिक १५, ३८४. लांबी ४१९ अधिक १५, आणि दाराच्या खाचेतले १२, कारण दार बंद असताना कार्पेटची कड दाराच्या बरोबर खाली संपायला हवी, नाहीतर बाहेरून दिसते. झाले ४४६. चार मीटर रुंदीचा रोल मिळाला तर एकसंध तुकडा निघत होता. बारा फुटी घेतला तर पट्टी लागणार, आणि पट्टीची लव बाकीच्या कार्पेटच्याच दिशेने हवी असेल तर ती रोलच्या लांबीतूनच कापायला हवी. एवढ्याशा पट्टीसाठी साडेचार मीटरचा आणखी एक तुकडा घ्यायचा आणि जवळजवळ सगळा वाया घालवायचा. आडवी कापली तर तो काळपट पट्टा पुन्हा आलाच.

चार मीटरचा रोल पणजीला मिळाला. ४ बाय साडेचार, १८ चौरस मीटर घेतलं. खोलीची जमीन सव्वापंधराच आहे, म्हणजे पावणेतीन चौरस मीटर कार्पेटचे पैसे कापून काढायच्या भागासाठी गेले. घरात यावरून थोडी कुरकुर झाली. मला ते पैसे जास्त वाटले नाहीत. कार्पेटचं प्रमाण खोलीच्या क्षेत्रफळावर ठरत नाही, रोलच्या रुंदीवर ठरतं. क्षेत्रफळ काढून दुकानात जाणाऱ्याला पहिला धक्का तिथेच बसतो. ५० बाय ५० सेंटीमीटरच्या कार्पेट टाइल्सही पाहिल्या होत्या, एखादी खराब झाली तर तेवढीच बदलता येते. पण सहा वर्षांच्या मुलाला चौकोनाची कड दिसली की त्याचं बोट तिथे जाणार, हे मी पाहिलं आहे. नको म्हटलं.

अस्तर तागाचं नको हे पक्कं होतं. पॉलिप्रॉपिलीनचं घेतलं, ते पाणी धरत नाही.

घेण्याआधी ओलीची परीक्षा केली. दीड फुटी प्लास्टिकचे दोन तुकडे, चारी कडांना टेप लावून जमिनीला घट्ट चिकटवले, एक खोलीच्या मध्ये, एक त्या कोपऱ्यात. दोन्ही टाइल्सच्या सांध्यांवर, कारण ओल वर येते ती सांध्यातून. हे ऑगस्टमध्ये केलं, पाऊस जोरात असताना. दुसऱ्या दिवशी मधला तुकडा कोरडा, कोपऱ्यातल्या प्लास्टिकखाली बारीक थेंबांची रांग. खिडकीवरचा छज्जा आखूड होता. नैर्ऋत्येकडून झोडपणारा पाऊस चौकटीखालून भिंतीत मुरत होता. पाऊस ओसरल्यावर छज्जा दीड फूट वाढवला, चौकटीच्या फटी भरून घेतल्या आणि भिंत पूर्ण वाळू दिली. कार्पेट घातलं ते डिसेंबरमध्ये.

दाराचं माप मी विसरलेच होते. कार्पेट ८ मिलिमीटर, खालचा फोम ६, मिळून १४. दार आत उघडतं आणि त्याच्या खाली जागा होती ९ मिलिमीटर. मेस्तकाकांनी पट्टी दाराखाली सरकवून दाखवली. पाच मिलिमीटर तर काढायचेच, पण त्यांनी आठ काढायला सांगितले. फणसाचं दार आहे, मिरगाच्या पावसात फुगतं. डिसेंबरमध्ये हलकेच सरकणारं दार जुलैमध्ये कार्पेट घासत नेईल. आठवडाभर आधी दार बिजागऱ्यांवरून उतरवलं. त्यांच्या देखरेखीखाली त्यांच्या नातवाने रंधा मारला. फणसाच्या पिवळ्या चुऱ्याचा वास दोन दिवस माडीवर होता.

बसवणारी दोन माणसं आली, तेव्हा मी माझा कागद पुढे केला. थोरल्याने तो वाचला, स्वतःची टेप काढून तीन मापं पडताळली आणि मान डोलावली. डावी कड भिंतीला सरळ लावून रोल उलगडला. मग उजव्या भिंतीच्या कडेने सुरी चालवत तो दारापासून खिडकीपर्यंत गेला. फोमवर दाबून, कडेला दोन्ही बाजूंनी चिकटणारी टेप लावून काम संपलं. गोंद लावू दिला नाही. पावसाळ्यात तो कोपरा उचलून पाहता यायला हवा. गेल्या पावसाळ्यात दर रविवारी पाहत होते. कोरडा होता.

आता टाळी वाजवली की आवाज तिथेच थांबतो. तानपुऱ्याचा खर्ज मात्र अजून खोलीत भरून राहतो, कार्पेट खालचे स्वर फारसे पीत नाही, आणि ते मला फार बरं वाटतं. पहिल्या शनिवारी सहा वर्षांच्या पोरीने सा लावला, थांबली, आणि म्हणाली, "ताई, मला माझा आवाज आला."

कापून निघालेली पट्टी मेस्तकाकांनी अंगणात लांब पसरली होती. खिडकीकडच्या टोकाला ३१ सेंटीमीटर रुंद, दाराकडच्या टोकाला साडेचाळीस. त्या जुन्या चिऱ्यांच्या भिंतीचा सगळा कल त्या एका पट्टीत उतरला होता. त्यांनी ती दोन्ही टोकांना मोजली, सुतात, आणि मला आकडे सांगितले. मग तिचे तुकडे केले. एक हार्मोनियमखाली आहे, एक तबल्याखाली, आणि बाकीच्यांवर मुलांना न्यायला आलेली माणसं जिन्यावर बसतात.