रद्द झालेलं रेशन दुकान परत मिळवताना

नोव्हेंबर २०१९ मध्ये पुरवठा निरीक्षक दुकानावर आले, तेव्हा मी एकटीच होते. सासरे गेल्यावर प्राधिकारपत्र, म्हणजे दुकान चालवायचा परवाना, माझ्या नावावर झालेलं. निरीक्षकांनी कट्टे मोजले, पॉस मशीनवरचा (धान्यवाटपाची नोंद करणारं यंत्र) साठा बघितला आणि पंचनाम्यात लिहिलं, गहू १ क्विंटल ९० किलो कमी. साठा फलकावर मागच्या महिन्याचे आकडे होते, तेही लिहिलं. फलकाची चूक माझीच. गव्हाचं मात्र वेगळं होतं. द्वारपोच योजनेत गाडी दारात येते, हमालांना पुढच्या गावाची घाई, म्हणून कट्टे नुसते मोजून उतरवायचे आणि पोच सही करायची. एखाद्या कट्ट्यात किलोभर कमी, एखाद्यात दीड किलो. कागदावर सगळे ५० किलोचे.

कारणे दाखवा नोटिशीत तीन आरोप होते: साठ्यात तफावत, फलक अद्ययावत नाही, पावती देत नाही. मी सहा पानी खुलासा दिला आणि स्थळप्रतीवर, म्हणजे माझ्याकडे राहणाऱ्या प्रतीवर, कार्यालयाचा आवक शिक्का मारून घेतला. तेव्हा मला त्या शिक्क्याचं महत्त्व काही कळत नव्हतं. सासऱ्यांची सवय होती, कुठलाही कागद शिक्क्याशिवाय सोडायचा नाही.

फेब्रुवारी २०२० मध्ये जिल्हा पुरवठा अधिकाऱ्यांचा दुकान रद्द झाल्याचा हुकूम आला, अनामतही जप्त. माझ्या खुलाशावर त्यात एकच ओळ होती, ‘खुलासा समाधानकारक नाही.’ आणि ज्यांचा नोटिशीत उल्लेखही नव्हता अशा ११ कार्डधारकांच्या जबाबांचा आधार घेतला होता. ते जबाब मी माहिती अधिकारात मिळवले. अकराही एकाच अक्षरात. एका काकांच्या जबाबात होतं, ‘मला ३५ किलोऐवजी १५ किलोच धान्य मिळते.’ ३५ किलो अंत्योदय कार्डाला, म्हणजे सगळ्यात गरीब कुटुंबांच्या. काकांचं कार्ड प्राधान्य कुटुंबाचं, घरात माणसं तीन, माणशी ५ किलो. म्हणजे धान्य बरोबर मिळतं अशीच त्यांची तक्रार होती! काकांना विचारलं तर म्हणाले, “पोरी, मला वाटलं कार्ड तपासायला आलेत. सही कर म्हणाले, केली.”

महिनाभरात लॉकडाऊन लागला. आमची कार्डं ४ किलोमीटरवरच्या दुकानाला जोडलेली. मोफत तांदूळ आणायला म्हाताऱ्या बायका उन्हात पायी जाताना माझ्या कुलूपबंद दुकानासमोर टेकायच्या. मी पाणी द्यायचे. कुणी काही बोलायचं नाही, त्याचाच जास्त त्रास व्हायचा.

उपायुक्तांकडे (पुरवठा) केलेला अर्ज फेटाळला गेला. मग मंत्रालयात पुनरीक्षण, म्हणजे हुकूम पुन्हा तपासावा असा अर्ज, तेही फेटाळलं. दोन्हीकडे हुकमात जुनाच मजकूर उतरवलेला. एवढं झाल्यावर हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका टाकली.

वकीलसाहेबांसमोर मी कट्ट्यांचा हिशेब मांडला. त्यांनी पूर्ण ऐकून घेतला आणि म्हणाले, “ताई, हायकोर्ट गहू मोजत नाही. हुकूम कसा झाला, ते बघतं.” मला राग आला होता. खरं तर क्विंटलमागे १५० रुपये कमिशनवर जगलेल्या बाईला वकिलाची फी देताना सगळ्याचाच राग येतो. पण त्यांचं बरोबर होतं. याचिकेत त्यांनी दोनच मुद्दे पुढे ठेवले: जबाबांच्या नकला न देता ते माझ्याविरुद्ध वापरले, आणि खुलासा का मान्य नाही याचं कारण दिलं नाही.

तारखा पडत गेल्या. कित्येकदा पहाटेची एसटी धरून जायचे आणि बोर्डावर नंबर लागायच्या आत कोर्ट उठायचं. शेवटी सुनावणी झाली ती जेमतेम दहा मिनिटं. सरकारी वकील म्हणाले, तिन्ही ठिकाणी निकाल एकच आहे, कोर्टाने हात घालू नये. न्यायमूर्तींनी विचारलं, “खुलाशातल्या कोणत्या मुद्द्याचा विचार झालाय, ते दाखवा.” पानं उलटण्याचा आवाज तेवढा येत होता. माझी शिक्क्याची प्रत वरच लावलेली होती.

तिन्ही हुकूम रद्द झाले. मला वाटलं, दुकान मिळालं. तसं नसतं. प्रकरण जिल्हा पुरवठा अधिकाऱ्यांकडे परत पाठवलं: नकला द्या, म्हणणं ऐका, आठ आठवड्यांत नव्याने निर्णय घ्या. बाहेर आल्यावर मी वकीलसाहेबांना विचारलं, “मग जिंकलो का आपण?” ते म्हणाले, “पुन्हा सुरुवातीला आलोय. पण आता तुमच्या हातात कागद आहेत.”

पुरवठा अधिकाऱ्यांसमोरच्या नव्या सुनावणीत काकांनी स्वतः येऊन सही कशी घेतली ते सांगितलं. कट्ट्यांचा हिशेबही तिथेच कामी आला. फलकाबद्दल अनामतीतली काही रक्कम कापली, बाकी आरोप सुटले.

२०२३ च्या पावसाळ्यात पहिली गाडी आली. तोवर धान्य मोफत झालेलं, त्यामुळे दराचा फलक बदलावा लागला. मी काटा दारातच ठेवला होता. हमाल कुरकुरले, ड्रायव्हरने दोनदा हॉर्न वाजवला. सातवा कट्टा ४८ किलो ७०० ग्रॅम भरला. चलनावर तसं लिहूनच सही केली.

काही कार्डधारक पोर्टेबिलिटीवर, म्हणजे कुठल्याही दुकानातून धान्य घ्यायच्या सोयीवर, अजून त्या दुसऱ्या दुकानातच जातात. ते दुकान बाजाराच्या वाटेवर पडतं.